औषधाच्या डब्यावरचा लाल-पिवळा रंग नेमका कुणाच्या जिवावर ठरतो?

दुधनाकाठ (सेलू, परभणी)

राम राम मंडळी. माझं कृषी सेवा केंद्र आहे, सगळा कापूस-सोयाबीनचा पट्टा, त्यामुळं जून ते ऑक्टोबर दिवसभर औषधाचे डबेच हातात. प्रत्येक डब्यावर टोकावर उभा केलेला एक चौकोन असतो, त्याच्या खालच्या त्रिकोणात रंग असतो. लाल, पिवळा, निळा नाहीतर हिरवा. गिऱ्हाईक काय म्हणतं माहितीये का, "लालवालं द्या, ते कडक असतंय, अळी जागेवर पडतीय." म्हंजे रंग अळीसाठी आहे असं निम्म्या लोकांना वाटतं. तो रंग माणसासाठी आहे, फवारणाऱ्यासाठी आहे, आणि तो ठरलाय उंदरांवर.

१९६८ चा कीटकनाशक कायदा आणि १९७१ चे नियम, त्यात हा हिशोब आहे. उंदरांना औषध पाजायचं आणि दर किलो वजनामागं किती मिलिग्रॅमला निम्मे उंदीर मरतात ते बघायचं. ५० मिलिग्रॅमपर्यंत लाल, ५१ ते ५०० पिवळा, ५०१ ते ५००० निळा, त्याच्या वर हिरवा. कातडीवर लावून काढलेला दुसरा आकडा असतो, तिथं लाल २०० पर्यंत, पिवळा २००० पर्यंत. आकडा जेवढा लहान तेवढं औषध जहाल, हे सुद्धा दुकानात प्रत्येकाला उलगडून सांगावं लागतं.

आता माझ्या मनात जे घोळायलंय ते मांडतो. तो उंदीर लॅबमध्ये २२ डिग्रीला असतो, त्याला एकच औषध एकदाच दिलेलं असतं. आमचा गडी ऑक्टोबरच्या उन्हात, डोक्याएवढ्या कापसात, घामानं आणि औषधानं शर्ट अंगाला चिकटलेला, पंपात दोन नाहीतर तीन औषधं एकत्र कालवलेली, आणि हे एक दिवस नाही, आज याच्या रानात उद्या त्याच्या रानात असा सगळा हंगाम. २०१७ ला शेजारी यवतमाळला फवारणीच्या विषबाधेनं वीसच्या वर माणसं गेली, शेकडो दवाखान्यात होती. त्या प्रत्येक डब्यावर रंग होताच की. मग उंदराचा जीव घेऊन आपण जो प्रश्न विचारायलोत तो बरोबर आहे का? आणि ही टेस्टिंग चालू ठेवावी का बंद करावी? जाणकारांनी लिहा, सविस्तर लिहा.

फार्मा_नांदेड

दादा, मी एम. फार्म. करून टॉक्सिकॉलॉजीच्या, म्हंजे विषाच्या तपासणीच्या लॅबमध्ये काम केलंय, हे उंदीर स्वतःच्या हातानं धरलेत म्हणून लिहिते. तुम्ही म्हणता ती निम्मे मरेपर्यंतची टेस्ट म्हंजे एलडी ५०, ती १९२७ ला ट्रेव्हन नावाच्या इंग्रज शास्त्रज्ञानं आणली, तेव्हा डिजिटॅलिस (हृदयाचं औषध), इन्सुलिन असली औषधं प्रत्येक बॅचला कमी-जास्त ताकदीची निघायची, ती मोजायला. नंतर तीच सगळ्या केमिकलला लागू झाली आणि एका केमिकलमागं साठ-साठ, शंभर-शंभर उंदीर जायला लागले. ती जुनी पद्धत, ओईसीडी या देशांच्या संघटनेची ४०१ नंबरची गाइडलाइन, २००२ ला रद्द झाली. आता ४२३ नंबरची असेल तर एका पायरीला तीनच उंदीर घेतात, बहुतेक माद्या. ठरलेले चार डोस आहेत, ५, ५०, ३०० आणि २०००. तीन उंदरांचं काय होतं ते बघून वर जायचं का खाली यायचं का थांबायचं ते ठरतं.

प्रत्यक्षात कसं असतं ते सांगते कारण बाहेर कुणाला दिसत नाही. आदल्या रात्रीपासून उंदीर उपाशी ठेवायचा, पाणी चालू. सकाळी वजन करायचं, वजनावर डोस काढायचा, पुढं गोल मणी असलेली नळी तोंडातून थेट पोटात. नळी श्वासनलिकेत गेली तर औषधाशी संबंध नसताना उंदीर मरतो, त्यामुळं हात लई स्थिर लागतो. पहिला अर्धा तास नजर हलवायची नाही, मग चार तास जास्त लक्ष, मग १४ दिवस रोज. ऑर्गनोफॉस्फेट (नसांवर हल्ला करणाऱ्या कीटकनाशकांचा गट) असेल तर आधी तोंडातून लाळ, मग अंग थरथरायला लागतं, मग कोपऱ्यात पोट टेकवून बसतो. जो लई हालात दिसतो त्याला मरेपर्यंत ठेवायचं नाही, वेदनारहित मारायचं, असा नियमच आहे. १४ दिवसांनी जगलेले पण मारतात, आत काय झालं ते बघायला.

कातडीची वेगळी टेस्ट असते, पाठीचे केस काढून अंगाच्या निदान १० टक्के भागावर औषध लावून २४ तास पट्टी. पण दादा तुमचा मुद्दा खराच आहे, घाम, ऊन आणि तीन औषधांचं मिश्रण यातलं काहीच त्यात येत नाही.

माळकरी (पैठण)

ताई तुम्ही लिहिलेलं वाचून पोटात कालवलं. आमच्या नाथांनी रामेश्वराला न्यायची कावड वाटेत तहानलेल्या गाढवाला पाजली, त्या गावचा मी. मुक्या जिवाला नळीनं विष पाजायचं आणि वहीत लिहून काढायचं हे मला कुठल्याच हिशोबात बसत नाही. अळी मारायची आपल्याला, पैसा होणार कंपनीला, आणि जीव उंदराचा? याच्यावर कुणाची नजर तरी आहे का, का लॅबवाले म्हणतील तसं?

फार्मा_नांदेड

माऊली नजर आहे. १९६० च्या प्राणी क्रूरता प्रतिबंधक कायद्याखाली केंद्राची एक समिती आहे, आधी सीपीसीएसईए म्हणायचे आता सीसीएसईए. तिच्याकडं नोंदणी असल्याशिवाय प्रयोगासाठी जनावर ठेवता येत नाही, आणि प्रत्येक संस्थेत एथिक्स कमिटी लागते, तिच्यात त्या केंद्राच्या समितीचा माणूस असतो आणि एक सायन्सच्या बाहेरचा सामाजिक भान असलेला माणूस पण लागतो. किती जनावरं, का, दुसरा मार्ग का नाही, हे सगळं आधी लिहून मंजूर करून घ्यावं लागतं. १९५९ ला रसेल आणि बर्च या दोघांनी तीन गोष्टी मांडल्या, जनावराच्या जागी दुसरं काही वापरता येतंय का बघा, येत नसेल तर संख्या कमी करा, आणि जे वापराल त्याचे हाल कमी करा. आज जगभरातले नियम त्याच पायावर उभे आहेत. आणि बदल खरंच झालेत. कॉस्मेटिकसाठी जनावरांवर टेस्ट करायला आपल्या देशात २०१४ पासून बंदी आहे, तसं टेस्ट केलेलं बाहेरून आणायला पण. २०२३ ला नव्या औषधांच्या नियमात बदल करून माणसाच्या पेशी, कंप्युटर मॉडेल असल्या पद्धतींना जागा दिली. अमेरिकेनं तसा कायदा २०२२ च्या डिसेंबरात केला.

बी. फार्म.ला आमच्या सरांच्या काळात बेडूक कापायचे, आता पोरं स्क्रीनवर एक्सफार्म सॉफ्टवेअर चालवतात.

बियाणंवाला_जालना

सगळ्यांच्या भावनांचा आदर आहे पण मी उलटं बोलणार. टेस्ट नको म्हणणं सोपं आहे, टेस्ट नसताना काय झालं ते वाचा. १९३७ साली अमेरिकेत एका कंपनीनं सल्फा या जंतू मारणाऱ्या औषधाचं पातळ रूप काढलं, गोळीचं सिरप. विरघळवायला डायएथिलीन ग्लायकॉल वापरलं कारण गोड लागतं. चव बघितली, वास बघितला, रंग बघितला, एका उंदराला सुद्धा पाजलं नाही कारण तेव्हा कायद्यात तसं काही लागतच नव्हतं. शंभराच्या वर माणसं मेली आणि त्यात लहान लेकरं किती होती. किडन्या बंद पडून आठ-आठ दिवस तडफडून. चार उंदीर मेले असते तर ती लेकरं वाचली असती, साधा हिशोब आहे. १९३८ चा अमेरिकेचा कायदा त्यातनंच आला. थॅलिडोमाइडचं बघा, १९५७ ला बाजारात आलं, गरोदर बायकांना मळमळीवर दिलं, हात-पाय न फुटलेली दहा हजाराच्या आसपास लेकरं जन्मली, १९६१ ला मागं घेतलं. गाभण जनावरांवर आधी नीट बघितलंच नव्हतं. माऊली, उंदराची दया यावी, पण लेकरापेक्षा जास्त नाही.

फार्मा_नांदेड

दादा १९३७ चं बरोबर आहे, पण त्याच्या पुढची गोष्ट आपल्या घरातली आहे. १९८६ ला मुंबईच्या जे. जे. हॉस्पिटलमध्ये तेच डायएथिलीन ग्लायकॉल ग्लिसरॉलमध्ये आलं आणि १४ पेशंट गेले, चौकशीचा लेंटिन आयोग त्याच्यासाठीच बसला होता. २०२२ ला गांबियात कफ सिरपमधून परत लेकरं गेली, सिरप आपल्याकडनं गेलेलं. हे विष आहे हे १९३७ पासून माहीत आहे, आता अजून हजार उंदीर मारून काय नवीन कळणार? तिथं कमी पडली ती बॅचची तपासणी, मशीनवर एक सॅम्पल लावायचं काम. माझा राग याच्यावर आहे, की जनावराचा जीव घेऊन मिळालेली माहिती आपण वापरतच नाही.

आणि थॅलिडोमाइड, त्यात अजून एक खोच आहे. साध्या उंदरांवर गाभण असताना दिलं तरी त्यांच्या पिलांना फारसं काही होत नाही, सशांच्या पिलांना होतं. म्हंजे टेस्ट झाली असती आणि फक्त उंदरांवर झाली असती तर पासच झालं असतं. म्हणून आता पोटातल्या पिलांची टेस्ट उंदीर आणि ससा अशा दोन जातींवर मागतात.

रेणापूरकर (लातूर)

जात बदलली की विष बदलतं याचं सगळ्यात मोठं उदाहरण आमच्या डोळ्यापुढं घडलं आणि आम्हाला कळलं सुद्धा नाही. माझ्या लहानपणी गावाबाहेर मेलेलं जनावर टाकलं की दुपारपर्यंत गिधाडं साफ करायची, सांगाडा तेवढा राहायचा. आता कुत्री आणि घाण. २००४ ला पाकिस्तानातल्या अभ्यासातून कळलं की कारण डायक्लोफेनॅक, बैल लंगडला, गाईला ताप आला की आपण द्यायचो ते दुखण्याचं इंजेक्शन. गाईला त्यानं आरामच पडतो, तिच्यावर ते पास झालेलं. पण ते दिल्यावर लगेच जनावर मेलं आणि गिधाडानं खाल्लं की गिधाडाच्या किडन्या जातात, पोटात पांढरं युरिक ॲसिड साचतं. देशातल्या पांढऱ्या पाठीच्या गिधाडांपैकी ९९ टक्क्यांच्या वर गेली. २००६ ला जनावरांसाठी बंदी आली. माझ्या मते यात दोन्ही बाजू आहेत, कारण मेलॉक्सिकॅम हे दुसरं दुखण्याचं औषध त्याच्या जागी चालतं हे कसं कळलं, तर पकडून ठेवलेल्या गिधाडांनाच देऊन बघावं लागलं. थोड्या गिधाडांवर टेस्ट केली म्हणून बाकीच्यांसाठी काही करता आलं. माऊलींना विचारतो, ती टेस्ट करावी का नाही?

माळकरी

रेणापूरकर, तुमच्या प्रश्नावर मला लगेच बोलता येईना. गिधाडाच्या भल्यासाठी गिधाड, हे मी समजू शकतो. पण नवीन नावाचं, नव्या पॅकिंगचं अळीचं औषध आणायचं म्हणून सशाच्या डोळ्यात थेंब टाकणं, हे त्याच पारड्यात घालू नका. दोन्हीला टेस्टिंग हा एकच शब्द लावला की गल्लत होते.

फार्मा_नांदेड

सशाच्या डोळ्याची ती ड्रेझ टेस्ट, १९४४ ची. एका डोळ्यात केमिकल टाकायचं, दुसरा डोळा तसाच ठेवायचा तुलनेला, आणि लाली, सूज, बुबुळावरचा पांढुरकेपणा याला मार्क द्यायचे. आता आधी कत्तलखान्यात कापलेल्या जनावरांच्या नाहीतर कोंबडीच्या डोळ्यावर बघतात, किंवा लॅबमध्ये वाढवलेल्या माणसाच्या पेशींच्या थरावर. कातडी जळते का, खाज सुटते का हे तर माणसाच्या कातडीच्या पेशींपासून बनवलेल्या तुकड्यावर बघता येतं, आणि तिथं सशापेक्षा ते जास्त खरं आहे कारण शेवटी कातडी माणसाचीच. डोळा आणि कातडी या दोन ठिकाणी ससा जवळजवळ सोडून देता येतो असं माझं स्पष्ट मत आहे.

पण सगळीकडं तसं नाही. क्लोरपायरिफॉस घ्या, ते जसं डब्यात असतं तसं एवढं जहाल नसतं, अंगात गेल्यावर लिव्हर त्याचं दुसरं रूप बनवतं आणि ते रूप नसांवर हल्ला करतं. प्लेटमधल्या नसांच्या पेशींवर टाकलं आणि सोबत लिव्हरचं काम करणारं काही नसलं तर विष खरं आहे त्यापेक्षा कमीच दिसणार. अजून एक, काही ऑर्गनोफॉस्फेटनी दोन-तीन आठवड्यांनी पायातलं बळ जातं, ते उंदरात नीट दिसत नाही, कोंबडीत दिसतं, म्हणून त्या टेस्टला आजही मोठ्या कोंबड्या घेतात आणि त्यांची चाल बघतात. अख्खं शरीर, वेळ, लिव्हर, नसा हे सगळं एकत्र अजून लॅबमधल्या पेशींच्या कुठल्या चिपवर पूर्ण जमलेलं नाही.

वॉर्ड_नंबर_४ (बीड)

मी सरकारी दवाखान्यात मेडिसिनला आहे. लॅबच्या पलीकडची बाजू सांगतो. फवारणीचा पेशंट आला की आम्ही तोंडाला फेस, घाम, टाचणीच्या टोकाएवढ्या बाहुल्या, छातीत घरघर हे बघतो आणि ॲट्रोपिन चालू करतो. नातेवाइकाला विचारलं कोणतं औषध, तर म्हणतो "कपाशीचं होतं साहेब". डबा आणलेला नसतो. आणला तरी पंपात अजून दोन होती हे कुणी सांगत नाही. ऑर्गनोफॉस्फेट नाहीतर कार्बामेट गटातलं असेल तर ॲट्रोपिनला अर्थ आहे, बाकी बहुतेक गटांना तसा उतारा नसतो, लक्षणांवरच लढावं लागतं.

आता ऐका, पेशंट बरा होतो, घरी जातो, केसपेपरवर लिहिलेलं असतं "अनोळखी विषबाधा". किती तास फवारलं, काय मिसळलं, वारा कुठला, पंप गळका होता का, काही नाही. म्हंजे उंदराच्या अंगावर काय झालं त्याची १४ दिवसांची रोजची नोंद जगात कुठंतरी जपून ठेवलीय आणि माझ्या वॉर्डातल्या माणसाच्या अंगावर काय झालं त्याची नोंद दोन शब्दांची. दरवर्षी हंगामात.

दुधनाकाठ

डॉक्टर साहेब, तुम्ही माझ्या मनातलं बोललात. एवढं सगळं वाचल्यावर माझं म्हणणं असं आहे. रंग ठरवायची एकदाची टेस्ट झाली, उंदीर गेले, तो आकडा आला, ठीक. पण पुढचं जे कळायला पाहिजे, मिश्रणाचं काय होतं, घामात काय होतं, तीन महिने रोज फवारलं तर काय होतं, ते सांगणारी माणसं आपल्या गावोगाव हिंडायलेत. त्यांच्या रक्तात ते लिहिलेलं आहे आणि कुणी वाचत नाही.

मी शोधत होतो तर कॅलिफोर्नियात १९७४ पासून असं आहे की ऑर्गनोफॉस्फेटसारखी औषधं नेहमी हाताळणाऱ्या कामगाराचं रक्त हंगामाच्या आधी तपासायचं, त्यात कोलिनेस्टरेज म्हणून एन्झाइम असतं, ते या औषधांनी कमी होतं, मग हंगामात परत परत तपासायचं. आधीच्या आकड्याच्या ८० टक्क्यांच्या खाली आलं की काम कसं चाललंय ते बघायचं, अजून खाली गेलं की त्या माणसाला फवारणीतून बाजूला काढायचं, सुधारेपर्यंत दुसरं काम द्यायचं. पन्नास वर्षं झाली तिकडं. इकडं आमच्या गड्याला डोकं दुखलं की म्हणतो "ऊन लागलं" आणि लिंबू-सरबत पिऊन परत पंप पाठीवर. मला वाटतं प्राथमिक आरोग्य केंद्रात जूनमध्ये फवारणाऱ्यांची एक रक्ततपासणी आणि सप्टेंबरात दुसरी एवढं जरी झालं तरी मराठवाड्यापुरतं आपल्याला जे कळेल ते कुठल्याच उंदरावर कळणार नाही. आणि कुणाला मारावं लागणार नाही.

फार्मा_नांदेड

कल्पना चांगलीच आहे दादा, फक्त दोन गोष्टी ध्यानात ठेवा. एक, ही तपासणी ऑर्गनोफॉस्फेट आणि कार्बामेट या गटांनाच लागू पडते. इमिडाक्लोप्रिड, सिंथेटिक पायरेथ्रॉइड, डायफेनथ्युरॉन यात हा आकडा हलत नाही, तर रिपोर्ट नॉर्मल आला म्हणून माणूस बिनधास्त व्हायला नको. दोन, माणसामाणसात हे एन्झाइम मुळातच कमी-जास्त असतं, म्हणून आधीची तपासणी नसेल तर नंतरच्या एकट्या आकड्यावरून नीट काही सांगता येत नाही. जूनची तपासणी चुकवायची नाही.

बियाणंवाला_जालना

माणसांवरनं शिकायचं हे ऐकायला चांगलं वाटतं पण त्याचा अर्थ नीट बघा, आधी माणसाला लागू द्यायचं आणि मग मोजायचं. नवीन केमिकल आलं तर पहिला डोस आमच्या गड्याच्या अंगावर पडू द्यायचा का? तुम्ही खाता त्या भाजीतनं रोज किती अंश पोटात गेला तरी चालतो हे पण असंच ठरतं, जनावरात ज्या डोसला काहीच झालं नाही तो घ्यायचा, उंदीर आणि माणूस वेगळे म्हणून दहानं भागायचं, माणसात पण लेकरं, म्हातारे, आजारी म्हणून परत दहानं. शंभर पट खाली. तो शंभर काढून टाकायला निघालात तर त्याच्या जागी काय ठेवणार ते आधी सांगा.

दुधनाकाठ

भाऊ, नवीन केमिकलबद्दल मी तुमच्या बाजूला आहे, माझ्या गड्यावर पहिला प्रयोग मला पण नको. मी बोलायलो ते जुन्याबद्दल. मोनोक्रोटोफॉस किती वर्षं रानात होतं, प्रोफेनोफॉस अजून आहे, त्यांच्याबद्दल जे कळायचं राहिलंय ते उंदराला विचारायची आता गरज नाही. तुमचा तो शंभराचा भागाकार सुद्धा एकेका औषधाचा वेगवेगळा आहे, पंपातल्या तिघांचा मिळून कुणी केलाय?

गोदाकाठची (गंगाखेड)

सगळे फवारणाऱ्या गड्याबद्दल बोलताय, वेचणाऱ्या बायांचं काय? आज फवारलं आणि दोन दिवसांनी आम्ही त्याच कापसात कमरेला ओटी बांधून दिवसभर असतो. हात चरचरतात, डोळे चुरचुरतात, तसल्याच हातानं भाकरी खायची कारण रानात पाणी प्यायलाच पुरत नाही. काही जणी पोटुशी असतात तरी येतात, रोज बुडवून चालत नाही. पॅकिंगवर "किती दिवसांनी रानात जावं" असं लिहिलेलं असतं का? मला सापडलं नाही. ताई त्या गाभण उंदराची टेस्ट होते म्हणालात ना, ती झाली असेल तर त्यातलं आम्हाला कोण सांगणार?

फार्मा_नांदेड

ताई, डब्यासोबतच्या पत्रकावर जो दिवसांचा आकडा असतो तो बहुतेक शेवटची फवारणी आणि काढणी यांच्यातला असतो, खाणाऱ्यासाठी. रानात परत कधी शिरायचं हा वेगळा आकडा असतो, अमेरिकेत शेतमजुरांसाठी तो लेबलवर लागतो, औषधाप्रमाणं काही तासांपासून काही दिवसांपर्यंत. आणि तो काढताना जनावरांच्या टेस्टमधलेच आकडे वापरतात, पानावर किती औषध उरतं आणि हाताला किती लागतं ते मोजून. म्हंजे माहिती आहे, तुमच्यापर्यंत येत नाही. तोवर फवारलेल्या रानात निदान औषध पूर्ण वाळल्याशिवाय पाय ठेवू नका, पूर्ण बाह्यांचा जुना शर्ट घाला, आणि हात-तोंड धुवायला वेगळी घागर मालकाकडून मागून घ्याच. पोटुशी असेल तिला त्या आठवड्यात दुसऱ्या रानात लावा.

वॉर्ड_नंबर_४

आणि त्रास झाला तर ऊन समजून घरी बसू नका. कपडे काढा, साबणानं अंग धुवा, तसंच निघा, आणि पंपात जेवढी औषधं होती तेवढे सगळे डबे पिशवीत घालून सोबत आणा. एक नाही, सगळे.

दुधनाकाठ

ताई, तुमच्या प्रश्नावर दुकानात असलेली सगळी पत्रकं आज रात्री काढून बसतो. ज्याच्यावर रानात शिरायचं काही लिहिलंय ते इथं टाकतो, ज्याच्यावर नाही त्यांची नावं पण टाकतो. बाकीच्या दुकानदारांनी पण आपापल्याकडचं बघा. आणि यंदापासून माझ्या बिलावर मागच्या बाजूला औषधाचा गट आणि रंग हातानं लिहून देणार, म्हंजे दवाखान्यात डबा नाही तर निदान बिल तरी दाखवता येईल. डॉक्टर साहेब, बिलावर अजून काय लिहिलं तर तुम्हाला उपयोग होईल?

वॉर्ड_नंबर_४

घटकाचं नाव आणि टक्के. कंपनीचं नाव नको, आत काय आहे ते. ठळक लिहा, पावसात भिजलं तरी वाचता येईल असं.